बोस्टनची ब्लॅक हेरिटेज ट्रेल: इअरफोन लावून, स्वतःच्या चालीने

बोस्टनला शिकायला किंवा नोकरीला आलेली आपली मंडळी पहिल्या महिन्याभरात फ्रीडम ट्रेल हमखास करतात. फुटपाथवरच्या लाल रेघेमागे चालायचं, स्वातंत्र्ययुद्धाच्या जागा बघायच्या, फोटो काढायचे. ती जिथून निघते त्या बोस्टन कॉमन बागेच्या कोपऱ्यावरून आणखी एक वाट सुरू होते, ब्लॅक हेरिटेज ट्रेल. तिच्याकडे मात्र बहुतेकांचं लक्ष जात नाही. ती बीकन हिल या टेकडीच्या उत्तर उतारावर जाते. एकोणिसाव्या शतकात शहरातले बहुतेक कृष्णवर्णीय तिथे राहत होते आणि अमेरिकेतल्या गुलामगिरीविरोधी चळवळीची कितीतरी कामं त्यांच्या घरांत, दुकानांत आणि प्रार्थनामंदिरात झाली. ही वाट गाइडशिवाय, फोनवर माहिती ऐकत, आपली आपण चालता येते. पूर्वतयारी नसली तर मात्र विटांची सुंदर घरं बघून परत यायची वेळ येते, कारण इथल्या बऱ्याचशा जागा बाहेरून अगदी साध्या दिसतात. म्हणून हा लेख.

१. दोन ट्रेलची गल्लत करू नका

दोन्ही ट्रेल बोस्टन कॉमन या बागेपासून निघतात, त्यामुळे गोंधळ होतो. फ्रीडम ट्रेल सुमारे ४ किलोमीटरची आहे आणि जमिनीवरची लाल रेघ तुम्हाला वाट दाखवते. ब्लॅक हेरिटेज ट्रेल अडीच किलोमीटरच्या आसपास आहे आणि तिथे अशी सलग रेघ नाही. नकाशा तुमच्याकडेच हवा. रेघेच्या भरवशावर निघालात तर चालत चालत भलतीकडेच, डाउनटाउनमध्ये पोचाल.

नुसतं चालायचं म्हटलं तर पाऊण तास पुरतो. प्रत्येक ठिकाणी थांबून ऐकायचं असेल तर दोन तास धरा. शेवटचं संग्रहालय (म्युझियम ऑफ आफ्रिकन अमेरिकन हिस्टरी, म्हणजे स्मिथ कोर्टमधलं जुनं प्रार्थनामंदिर आणि शाळा) आतून बघायचं असेल तर अख्खी सकाळ मोकळी ठेवा.

२. घरून निघण्यापूर्वी

हा परिसर नॅशनल पार्क सर्व्हिस या सरकारी खात्याकडे आहे. १९८० मध्ये त्याला राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळाचा दर्जा मिळाला. पार्क सर्व्हिसचं मोफत ॲप घ्या, त्यात ‘बोस्टन आफ्रिकन अमेरिकन’ असं शोधा आणि त्या पार्कची सगळी माहिती ऑफलाइन वापरासाठी उतरवून ठेवा. हे घरच्या वायफायवरच करा. काही ठिकाणांची माहिती नुसती मजकुराच्या रूपात असेल, तर फोनमधली मजकूर वाचून दाखवण्याची सोय आदल्या रात्रीच सुरू करून बघा. भर रस्त्यात सेटिंग शोधत बसणं नको.

सोबत हे असू द्या:

- पूर्ण चार्ज केलेला फोन आणि पॉवर बँक
- इअरफोन. एकच कानात घाला, दुसरा कान रस्त्यासाठी. गल्ल्या अरुंद आहेत आणि गाड्या वळणावरून एकदम समोर येतात
- थांब्यांची यादी आणि घरांचे नंबर, कागदावर लिहून
- सपाट तळव्याचे, पक्की पकड असलेले बूट
- पाण्याची बाटली, आणि मार्चपासून नोव्हेंबरपर्यंत एखादा विंडचीटर
- ‘टी’साठी, म्हणजे बोस्टनच्या मेट्रोसाठी, चार्ली कार्ड. नसेल तर टॅप करून पैसे देता येणारं बँकेचं कार्डही चालतं
- विद्यार्थी असाल तर कॉलेजचं ओळखपत्र. संग्रहालयाच्या तिकिटावर सवलत आहे का ते विचारा

ट्रेल चालायला तिकीट, नोंदणी, कागदपत्रं काही लागत नाही. संग्रहालयाला मात्र तिकीट आहे आणि ते आठवड्याचे सगळे दिवस उघडं नसतं. वेळा ऋतूप्रमाणे बदलतात, म्हणून आदल्या दिवशी त्यांच्या संकेतस्थळावर खात्री करा. या एका गोष्टीत आळस केला तर ट्रेलचा सर्वांत मोलाचा भाग बंद दाराबाहेर उभं राहून बघावा लागेल.

३. हे पाच मिनिटं डोक्यात घोळवून निघा

मॅसॅच्युसेट्सने १६४१ मध्येच कायद्याने गुलामगिरीला मान्यता दिली होती. ती संपली १७८३ च्या सुमारास, क्वॉक वॉकर या गुलामाच्या मुक्ततेच्या खटल्यांमुळे. १७९० च्या जनगणनेत या राज्यात एकाही गुलामाची नोंद नाही. म्हणजे आपण ज्या काळाच्या गोष्टी ऐकणार आहोत, त्या काळात बोस्टनमधले कृष्णवर्णीय कायद्याने मुक्त होते. १८५० मध्ये त्यांची संख्या सुमारे २,००० होती, एक लाखाहून मोठ्या शहरात. मुक्त असले तरी शाळा वेगळ्या, चर्चमधली बाकं वेगळी.

आणि १८५० मध्येच फरारी गुलामांचा कायदा आला. गुलामगिरी चालू असलेल्या दक्षिणेतल्या राज्यांतून पळून आलेल्या माणसाला उत्तरेतूनही पकडून मालकाच्या हवाली करायचं, आणि त्याला मदत करणारा गुन्हेगार. या कायद्याने बीकन हिलच्या गल्ल्यांचं रूप एका रात्रीत बदललं. हे लक्षात ठेवलंत तर पुढची घरं तुमच्याशी बोलतील.

चळवळ म्हटलं की विल्यम लॉइड गॅरिसन या गोऱ्या संपादकाचं नाव आधी येतं. १ जानेवारी १८३१ रोजी सुरू झालेलं त्यांचं ‘लिबरेटर’ साप्ताहिक गुलामगिरी संपेपर्यंत, १८६५ च्या अखेरीपर्यंत, चाललं. त्यांचं मोठेपण वादातीत आहे. पण माझं ठाम मत असं, की ही ट्रेल गॅरिसन यांना शोधायला चालू नये. ‘लिबरेटर’ सुरू होण्याआधीच, १८२९ मध्ये, याच टेकडीवर राहणाऱ्या डेव्हिड वॉकर या जुन्या कपड्यांच्या दुकानदाराने गुलामगिरीविरुद्ध जळजळीत पत्रक छापलं आणि ते दक्षिणेत पोचवलं. न्हावी, शिंपी, छपाईवाले, खानावळवाल्या बायका अशा माणसांची ही वाट आहे. ऐकताना त्यांची नावं कानावर आली की थांबा.

४. सुरुवात: शॉ स्मारक, पुढून आणि मागूनही

रेड किंवा ग्रीन लाइनने पार्क स्ट्रीट स्टेशनला उतरा. बाहेर आल्यावर कोपऱ्यावर उंच पांढऱ्या मनोऱ्याचं पार्क स्ट्रीट चर्च दिसतं. गॅरिसन यांनी ४ जुलै १८२९ रोजी गुलामगिरीविरुद्धचं आपलं पहिलं मोठं भाषण इथे केलं. तिथून चढाने स्टेट हाउसकडे, म्हणजे राज्याच्या विधिमंडळाच्या इमारतीकडे, चला. सोनेरी घुमटासमोर, बागेच्या कडेला ब्राँझचं मोठं उठावशिल्प आहे: कर्नल शॉ आणि त्यांची ५४ वी मॅसॅच्युसेट्स पलटण. हेच शॉ स्मारक.

५४ वी मॅसॅच्युसेट्स ही यादवी युद्धातली उत्तरेकडच्या पहिल्या कृष्णवर्णीय पलटणींपैकी एक. २८ मे १८६३ रोजी ती याच बीकन स्ट्रीटवरून कूच करत बंदराकडे गेली. १८ जुलैला दक्षिण कॅरोलायनातल्या फोर्ट वॅग्नरवरच्या हल्ल्यात तिचे २७० हून जास्त जवान मारले गेले, जखमी झाले किंवा बेपत्ता झाले. घोड्यावरचे कर्नल रॉबर्ट गूल्ड शॉ हे गोरे होते. तेही त्यात पडले आणि त्यांना त्यांच्या जवानांबरोबर एकाच खड्ड्यात पुरलं गेलं. सार्जंट विल्यम कार्नी यांनी जखमी अवस्थेत झेंडा जमिनीला टेकू दिला नाही. त्यांना शौर्यपदक मिळायला १९०० साल उजाडलं.

आता शिल्पाजवळ जा आणि घोड्याच्या पलीकडचे चेहरे एकेक करून बघा. ऑगस्टस सेंट-गॉडन्स यांनी हे काम पुरं करायला तेरा-चौदा वर्षं घेतली, आणि कशासाठी ते इथे कळतं. एक दाढीवाला प्रौढ, त्याच्याशेजारी मिसरूडही न फुटलेला पोरगा, पुढे ढोल वाजवणारा मुलगा. दोन चेहरे सारखे नाहीत. ज्या काळात कृष्णवर्णीय माणसाचं चित्र म्हणजे व्यंगचित्रच असायचं, त्या काळातलं हे काम आहे.

बहुतेक लोक इथूनच पुढे निघतात. तुम्ही वळसा घालून स्मारकाच्या मागे जा. १८९७ मध्ये अनावरण झालं तेव्हा पडलेल्या गोऱ्या अधिकाऱ्यांची नावं कोरलेली होती, साध्या जवानांची नव्हती. ती कोरली गेली १९८२ मध्ये. या जवानांची एक लढाई पगाराचीही होती. गोऱ्या शिपायाला महिना १३ डॉलर, यांना १०, आणि त्यातून कपड्यांचे ३ कापून. त्यांनी १८ महिने पगारच घेतला नाही. समान पगाराचा निर्णय काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, १८६४ मध्ये केला.

५. पिंकनी स्ट्रीट

स्मारकासमोरून रस्ता ओलांडून जॉय स्ट्रीटने चढा. चढ छोटा पण खडा आहे. माथ्यावर डावीकडे पिंकनी स्ट्रीट लागते.

५ नंबरचं लाकडी घर जॉर्ज मिडलटन यांचं, १७८७ च्या सुमाराचं, टेकडीवरच्या सर्वांत जुन्या घरांपैकी एक. स्वातंत्र्ययुद्धातल्या ‘बक्स ऑफ अमेरिका’ या कृष्णवर्णीय तुकडीचे ते नायक. पुढे विधवा आणि अनाथांसाठी वर्गणी काढणाऱ्या आफ्रिकन सोसायटीच्या स्थापनेत ते होते. अँडरसन स्ट्रीटच्या कोपऱ्यावरची फिलिप्स शाळा बघून ठेवा, तिचा संदर्भ शेवटी लागेल. पुढे ८६ नंबरला जॉन जे. स्मिथ राहत. ते न्हावी होते आणि त्यांचं सलून म्हणजे चळवळीचा अड्डाच होता. सिनेटर चार्ल्स समनर ऑफिसात सापडले नाहीत तर लोक त्यांना तिथे शोधायचे. स्मिथ पुढे तीनदा राज्याच्या विधिमंडळावर निवडून आले.

इथली एक सामान्य चूक सांगून ठेवते. ही सगळी खासगी घरं आहेत, आत लोक राहतात. बेल वाजवू नका, पायऱ्यांवर बसू नका, खिडकीतून डोकावू नका. समोरच्या फुटपाथवर उभं राहून ऐका. तिथून घरही नीट दिसतं.

६. चार्ल्स स्ट्रीट: दम खायची जागा

उतरत उतरत चार्ल्स स्ट्रीटला या. माउंट व्हर्नन स्ट्रीटच्या कोपऱ्यावर १८०७ चं मीटिंग हाउस, म्हणजे तेव्हाचं चर्च, आहे. १८३० च्या दशकात टिमथी गिल्बर्ट या गोऱ्या सभासदाने आपल्या कृष्णवर्णीय मित्रांना स्वतःच्या बाकावर बसवलं, म्हणून त्याला मंडळीतून काढून टाकलं. तोच पुढे ट्रेमाँट टेंपल हे सर्वांना खुलं चर्च उभं करणाऱ्यांत होता.

चहा-कॉफी इथेच घ्या आणि स्वच्छतागृहाची सोयही इथेच करून घ्या. यापुढे घरंच घरं आहेत.

७. ६६ फिलिप्स स्ट्रीट

साधं, चार मजली विटांचं घर. दारावरची पाटी वाचली नाही तर तुम्ही सरळ पुढे निघून जाल. इथे लुइस आणि हॅरिएट हेडन राहत होते.

लुइस यांचा जन्म केंटकीत गुलामगिरीत झाला. त्यांची पहिली बायको एस्थर आणि मुलगा सिनेटर हेन्री क्ले यांच्या मालकीचे झाले. क्ले यांनी त्या दोघांना दक्षिणेत विकलं, आणि लुइसना ते पुन्हा कधी भेटले नाहीत. १८४४ मध्ये ते हॅरिएट आणि तिच्या मुलासह पळाले. बोस्टनमध्ये त्यांनी कपड्यांचं दुकान टाकलं आणि या घरात पळून आलेल्यांना आसरा द्यायला सुरुवात केली.

त्यांच्यात विल्यम आणि एलन क्राफ्ट होते. १८४८ मध्ये हे जोडपं जॉर्जियातल्या मेकनहून निघालं. एलन गोरटेली होती. तिने आजारी गोऱ्या मालकाचं सोंग घेतलं आणि नवरा झाला तिचा नोकर. तिला लिहिता येत नव्हतं, आणि हॉटेलात, बोटीवर सही मागितली जायची, म्हणून तिने उजवा हात गळपट्ट्यात बांधून घेतला. आगगाडी आणि बोटीने, उघडपणे, ती दोघं नाताळात फिलाडेल्फियाला पोचली. १८५० च्या शरदात त्यांना धरायला माणसं बोस्टनमध्ये आली तेव्हा विल्यम या घरात होते. घरात दारूची पिंपं ठेवली आहेत, उंबरा ओलांडलात तर उडवून देईन, असं हेडन यांनी बजावल्याचं सांगतात. दारू म्हणजे बंदुकीची. पकडणारे हात हलवत परत गेले आणि क्राफ्ट पतिपत्नी इंग्लंडला रवाना झाली.

पाठोपाठ १५ फेब्रुवारी १८५१ रोजी शॅड्रॅक मिंकिन्स या वेटरला कामावरून पकडून कोर्टात उभं केलं, तेव्हा हेडन आणि इतर कृष्णवर्णीय लोक थेट कोर्टात घुसले आणि त्याला उचलून घेऊन गेले. याच टेकडीवर लपवून त्याला पुढे कॅनडाला पोचवलं. फिलिप्स स्ट्रीटवरच २ नंबरला राहणारे कपड्यांचे व्यापारी जॉन कोबर्न यांच्यावर या प्रकरणात खटला चालला आणि ते निर्दोष सुटले.

इथली ध्वनिमाहिती घाईने उरकू नका. एकदा ऐकून झालं की गल्लीच्या दोन्ही टोकांकडे बघा. अनोळखी माणूस गल्लीत शिरला की घराघरांतून कळत असणार, इतकी ती अरुंद आहे.

लुइस १८७३ मध्ये विधिमंडळावर निवडून आले. हॅरिएट यांनी आपली मालमत्ता हार्वर्डच्या वैद्यकीय महाविद्यालयाला कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांच्या शिष्यवृत्तीसाठी दिली.

८. स्मिथ कोर्ट: इथे वेळ राखून ठेवा

फिलिप्स स्ट्रीट संपली की जॉय स्ट्रीटकडे या आणि स्मिथ कोर्ट हा बोळ शोधा. एका नजरेत मावेल एवढ्या जागेत इथे प्रार्थनामंदिर, शाळा आणि राहती घरं आहेत, एखाद्या वाड्याच्या चौकासारखी.

आफ्रिकन मीटिंग हाउस १८०६ चं, देशात टिकून असलेलं सर्वांत जुनं कृष्णवर्णीय चर्च. ते उभं राहिलं मुख्यतः कृष्णवर्णीय कारागिरांच्या हातांनी. तरी उद्घाटनाच्या दिवशी तळमजल्यावरची बाकं गोऱ्या हितचिंतकांसाठी राखून ठेवली आणि ज्यांचं चर्च ते लोक वर सज्जात बसले. आत गेलात की आधी तळमजल्यावर उभं राहा, मग सज्जाकडे बघा. ६ जानेवारी १८३२ च्या रात्री गॅरिसन आणि सहकाऱ्यांनी न्यू इंग्लंड अँटी-स्लेव्हरी सोसायटीची स्थापना इथेच केली. डिसेंबर १८६० मध्ये ट्रेमाँट टेंपलमधली सभा जमावाने उधळली, तेव्हा गुलामगिरीतून पळून आलेले नामवंत वक्ते फ्रेडरिक डग्लस यांनी इथे येऊन भाषण केलं.

शेजारची एबिएल स्मिथ शाळा १८३५ ची, खास कृष्णवर्णीय मुलांसाठी बांधलेली. नावांचा घोळ होतो म्हणून सांगते: एबिएल स्मिथ म्हणजे देणगी ठेवून गेलेले गोरे व्यापारी. पिंकनी स्ट्रीटचे न्हावी जॉन स्मिथ वेगळे. तसेच कर्नल शॉ वेगळे आणि आता येणारे न्यायमूर्ती शॉ वेगळे.

पाच वर्षांच्या सारा रॉबर्ट्सला या शाळेत यायला गोऱ्या मुलांच्या पाच शाळा ओलांडाव्या लागत. तिचे वडील बेंजामिन छपाईचा धंदा करत. त्यांनी शहरावर दावा लावला. वकील होते रॉबर्ट मॉरिस, देशातल्या पहिल्या कृष्णवर्णीय वकिलांपैकी एक, आणि सोबतीला चार्ल्स समनर. १८५० मध्ये मुख्य न्यायमूर्ती लेम्युएल शॉ यांनी निकाल विरुद्ध दिला. मग समोरच्या ३ नंबरच्या घरात राहिलेले विल्यम कूपर नेल यांनी लढा कोर्टातून विधिमंडळाकडे वळवला. नेल शाळकरी असताना १८२९ मध्ये गुणवत्तेचं पदक त्यांना केवळ वर्णामुळे नाकारलं होतं. पदकविजेत्यांच्या मेजवानीत ते वाढप्यांत मिसळून शिरले होते. त्यांनी अर्ज, सह्या, बैठका वर्षानुवर्षं चालू ठेवल्या. १८५५ मध्ये राज्याने वेगळ्या शाळा कायद्याने बंद केल्या. मघाशी बघितलेल्या फिलिप्स शाळेत तेव्हा गोरी आणि कृष्णवर्णीय मुलं एकत्र बसली.

मराठी माणसाला इथे पुण्याची आठवण होणारच. सारासाठी दावा लागला तेव्हाच, १८४८ मध्ये, जोतीराव आणि सावित्रीबाई भिडेवाड्यात मुलींची शाळा काढत होते. जोतीरावांनी आधी अहमदनगरची सिंथिया फरार यांची मुलींची शाळा पाहिली होती. ती अमेरिकन मिशनची, आणि त्या मिशनचं मुख्यालय बोस्टनमध्ये होतं. पुढे १८७३ मध्ये ‘गुलामगिरी’ छापताना जोतीरावांनी ते पुस्तक अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना अर्पण केलं, त्यांनी गुलामांना मुक्त करण्यात दाखवलेल्या औदार्याबद्दल. ती अर्पणपत्रिका फोनवर घेऊन जा आणि या बोळात उभं राहून वाचा. मी प्रत्येक मराठी पाहुण्याला हे करायला लावते.

९. आई-बाबा किंवा मुलं सोबत असतील तर

फुटपाथ विटांचे आणि वरखाली आहेत, झाडांच्या मुळांनी उचकटलेले. व्हीलचेअर आणि बाबागाडी दोन्हींना त्रास होतो. गुडघे दुखणाऱ्यांनी अख्खी ट्रेल करू नये. त्यांच्यासाठी शॉ स्मारक आणि स्मिथ कोर्ट ही दोन टोकं गाडीने करा, मधली घरं घरी बसून ऐकवा. बर्फ पडल्यावर डिसेंबर ते मार्च उत्तर उतार निसरडा असतो, तेव्हा थोरामोठ्यांना नेऊच नका. आपली गाडी नेऊ नका, बीकन हिलवर रस्त्यावरचं पार्किंग बहुतेक रहिवाशांसाठी आहे.

मुलांना क्राफ्ट जोडप्याची आणि साराची गोष्ट आधी घरी सांगून ठेवा. मग तीच मुलं दाराचे नंबर शोधत पुढे पळतात. इंग्रजी निवेदन ऐकायला आजीला जड जात असेल तर इअरफोन बाजूला ठेवा आणि तुम्हीच मराठीत सांगा.

ज्यांना माणसाच्या तोंडून ऐकायचं असेल त्यांनी उन्हाळ्यातल्या, पार्क सर्व्हिसच्या रेंजरबरोबरच्या मोफत फेऱ्यांचं वेळापत्रक बघावं. प्रश्न विचारता येतात, हा मोठा फायदा.

१०. अंगात त्राण उरलं तर

परतीला ब्लू लाइनचं बोडॉइन स्टेशन जवळ आहे. थोडं चालायची तयारी असेल तर कोर्ट स्क्वेअर आणि स्टेट स्ट्रीट गाठा. २ जून १८५४ रोजी दक्षिणेतून पळून आलेल्या अँथनी बर्न्स यांना सैनिकांच्या पहाऱ्यात याच रस्त्याने बंदरावर नेऊन गुलामगिरीत परत पाठवलं. दुतर्फा सुमारे ५०,००० लोक उभे होते आणि इमारतींवर काळी कापडं टांगली होती. वर्षभरात इथल्या लोकांनी पैसे जमवून त्यांना सोडवून आणलं. पुढे फॅन्यूइल हॉल आहे. गुलामगिरीविरोधी सभा तिथे गाजल्या, आणि तो बांधणाऱ्या पीटर फॅन्यूइल यांच्या संपत्तीत गुलामांच्या व्यापाराचा पैसाही होता. दोन्ही गोष्टी मुलांना सांगा.

स्वतः गुलामगिरीतून निसटून इतर गुलामांना सोडवून आणणाऱ्या हॅरिएट टबमन यांचं शिल्प साउथ एंड या भागात, कोलंबस ॲव्हेन्यूवरच्या छोट्या बागेत आहे. ते याच दिवशी कोंबू नका. दुसऱ्या एखाद्या संध्याकाळी ऑरेंज लाइनने बॅक बे स्टेशनला उतरा आणि चालत जा. तिथलंच दुसरं शिल्प मेटा वॉरिक फुलर या कृष्णवर्णीय शिल्पकर्तीचं आहे, तेही बघून या.